जात्यानं सांभाळलेली आठवण

जालन्याहून राजूरमार्गे भोकरदनकडे जाताना पूर्णा नदीच्या काठी केदारखेडा लागतं. या भागाला लेखी इतिहास नवा नाही. भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. तिथल्या दात्यांची नावं दोन हजार वर्षांपूर्वी भारहूत आणि सांचीच्या स्तूपांवर कोरली गेली. त्याच पट्ट्यात पिढ्यान्‌पिढ्या पहाटे उठून ज्वारी दळणाऱ्या बायांचं नाव मात्र कुठल्या दगडावर सापडत नाही. त्यांनी जे पाहिलं, सोसलं, ज्यांना जीव लावला, ते सगळं ओवीत राहिलं.

जात्यावर बसलं की ओवी सुचते, असं आपल्याकडे म्हणतात. ही नुसती म्हण नव्हे, आठवण जागी होण्याची ती खरीखुरी रीत आहे. दोघी समोरासमोर बसतात, खुंट्यावर दोघींचा हात. एक मूठभर दाणे वैरते, वरची पाळी घरघरू लागते आणि त्या लयीत एकीची पहिली ओळ येते. दुसरी ती झेलते, तिच्यात आपलं काही मिसळते. ओवी बहुतेक दोनच ओळींची. त्यातला बराच भाग वारशानं आलेला असतो: पंढरीची वाट, सीतेचा वनवास, माहेरचा भाऊ. उरलेल्या जागेत बाई आपल्या गावाचं, लेकराचं नाव आणि आपलं दुखणं बसवते. त्यामुळे एकच ओवी दहा गावांत दहा तऱ्हांनी ऐकू येते, आणि त्यातली मूळ कुठली हे विचारण्यात अर्थ नसतो.

मिलमन पॅरी या अमेरिकी अभ्यासकानं 1930च्या दशकात युगोस्लाव्हियातल्या शाहिरांकडे हेच पाहिलं होतं. ते लांबलचक गाथा शब्दन्‌शब्द पाठ करत नसत, तयार शब्दबंधांतून दरवेळी नव्यानं रचत. पण त्या शाहिरांपुढे श्रोते असत. इथं श्रोताच नाही. दळणाऱ्या दोघी एकमेकींसाठी गातात, म्हणूनच चारचौघांत तोंडातून निघणार नाही ते ओवीत निघतं. सासरचा जाच उघड सांगायची सोय नसली, तरी रामानं टाकलेल्या सीतेचं दुःख गायला कोण अडवणार? सासूसमोर बसूनही ते गाता येतं.

ही आठवण गावोगाव पोचली ती लग्नांमुळे. आई-आजीकडून ओव्या शिकलेली मुलगी सासरी आली, की तिच्या ओव्या जावेच्या, नणंदेच्या तोंडी जात, आणि नणंद आपल्या सासरी त्या पुढे नेई. एका घराच्या ओव्या अशा पार परक्या तालुक्यात पोचत. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याच्या ‘मानसोल्लास’ या बाराव्या शतकातल्या ग्रंथात महाराष्ट्रातल्या बाया कांडताना ओवी गातात अशी नोंद आहे. इतका जुना हा प्रवाह.

त्याची मोठी नोंद पुण्यात झाली. हेमा राईरकर आणि गी पॉइत्व्हँ यांनी 1980च्या दशकात पुणे जिल्ह्यातल्या डोंगरी गावांत काम करताना बायांच्या ओव्या गोळा करायला सुरुवात केली. ते काम वाढत जाऊन हजाराहून अधिक गावं आणि एक लाखाहून अधिक ओव्यांपर्यंत गेलं. संगीताचे अभ्यासक बेर्नार बेल यांनी 1990च्या दशकात त्यातल्या कितीतरी ध्वनिमुद्रित केल्या. पॉइत्व्हँ 2004 मध्ये गेले, राईरकर 2010 मध्ये. 2017 पासून ‘पारी’, म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया, हा ठेवा आवाज, शब्द आणि अनुवादासह लोकांपुढे आणत आहे.

त्यात मराठवाड्याचा वाटा मोठा आहे. परभणी जिल्ह्यातल्या ताडकळसच्या ओव्या आहेत. बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या बायांनी 1996 मध्ये गायलेल्या ओव्या तर थांबून ऐकाव्यात अशा आहेत. जात्याची लय तीच, ओवीची घडण तीच, पण ज्या जागी विठ्ठल असायचा त्या जागी भीमराव आणि बुद्ध आले आहेत. बाबासाहेबांनी त्यांच्या आयुष्यात काय बदललं, हे या बायांनी स्वतःच्या शब्दांत मांडलं. दलित चळवळीचा इतिहास लिहिताना या ओव्या पुरावा म्हणून वापरल्या गेल्याच पाहिजेत. नुसतं लोकगीत म्हणून त्यांचं कौतुक करून भागणार नाही.

गावात वीज आली, पिठाची गिरणी आली आणि बायांच्या हातांची सुटका झाली. तीन-चार माणसांच्या भाकरीपुरतं दळायचं म्हटलं तरी खांदे भरून येत, त्यामुळे जातं गेलं याचं दुःख करायचं कारण नाही. आता ते बहुधा लग्नाच्या हळदीपुरतं बाहेर निघतं. मात्र दळणं थांबलं तसं ओव्या एका तोंडून दुसऱ्या तोंडी जाणंही थांबलं. केदारखेड्यासारख्या गावांत त्या आता सत्तरी ओलांडलेल्या बायांकडेच असणार.

नोंद करायला मोबाइल पुरतो. आजीला नुसतं ‘ओवी म्हणा’ म्हटलं तर ती लाजते, आठवत नाही म्हणते. तिच्यापुढे जातं मांडावं, जोडीला तिच्या वयाची शेजारीण बसवावी, मूठभर ज्वारी वैरायला द्यावी. प्रत्येक ओवीबरोबर गाणारीचं नाव, तिचं माहेर आणि ती कोणाकडून शिकली, हेही तिच्याच आवाजात, तिच्या परवानगीनं नोंदवावं.