न्यायाची कसोटी : बाबासाहेबांची विचारपद्धती

परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी काय कार्य केले, हे आपल्या मुलांनाही पाठ असते. परंतु ते विचार कसा करीत, युक्तिवाद कसा मांडीत, याकडे आपले लक्ष कमी जाते. प्रस्तुत लेखात त्यांच्या न्यायविचाराची ओळख करून देण्याचा अल्पसा प्रयत्न केला आहे.

बाबासाहेब प्रतिपक्षाचे म्हणणे डावलीत नाहीत. ते आधी नीट मांडतात, त्यातील शब्दांचा अर्थ निश्चित करतात आणि मगच तपासतात. लाहोरच्या जात-पात-तोडक मंडळाने परिषद रद्द केल्यामुळे न झालेले भाषण त्यांनी १९३६ साली स्वतः छापले. तेच 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट' होय. जातिव्यवस्था म्हणजे केवळ श्रमविभागणी, असे तिचे समर्थक म्हणत. बाबासाहेब दाखवून देतात की, कामाची विभागणी निराळी आणि काम करणाऱ्या माणसांची जन्मावरून केलेली विभागणी निराळी. पहिलीत माणसाच्या आवडीला व कुवतीला वाव असतो. दुसरीत तो जन्मण्यापूर्वीच त्याचे काम ठरलेले असते. शब्दाची अशी फोड होताच समर्थनाचा पायाच निखळतो.

त्यांच्या हयातीत अप्रकाशित राहिलेले 'फिलॉसॉफी ऑफ हिंदुइझम' हे लेखन महाराष्ट्र शासनाने १९८७ साली त्यांच्या समग्र इंग्रजी लेखनाच्या तिसऱ्या खंडात प्रसिद्ध केले. त्यात धर्म पारखण्यासाठी ते दोन कसोट्या घेतात : उपयुक्तता आणि न्याय. प्राचीन समाजात समूह केंद्रस्थानी होता, म्हणून समूहाला उपयोगी ते योग्य ठरे. आधुनिक समाजात व्यक्ती केंद्रस्थानी आली, म्हणून तिला न्याय देईल तेच योग्य. त्यांच्या लेखी न्याय म्हणजे स्वातंत्र्य, समता आणि बंधुता यांचेच दुसरे नाव.

बँकेच्या व्यवहारावरून हा फरक चटकन समजेल. दिवसाअखेर एकूण बेरीज जुळली, पण एका खातेदाराची रक्कम न विचारता दुसऱ्याच्या खात्यात गेली, तर हिशेब बरोबर म्हणता येईल काय? उपयुक्तता एकूण बेरीज पाहते. न्याय प्रत्येकाचे खाते पाहतो.

आता आंबी नदीवरील आपले पानशेतचे धरण घ्या. १२ जुलै १९६१ रोजी ते फुटून पुण्यात हाहाकार उडाला. पुढे ते पुन्हा बांधले गेले. त्याचे पाणी पुणे शहर पिते, त्यावर शेती भिजते. उपयुक्ततेच्या कसोटीला धरण उतरते, यात शंका नाही. परंतु ज्यांचे घर, शेत, गावठाण पाण्याखाली गेले, त्यांच्या खात्यावर काय जमा झाले? ज्याच्या नावे सातबाराच नव्हता, जो दुसऱ्याच्या बांधावर राबत होता, त्याचे नुकसान कोणत्या रकान्यात मांडायचे? प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा महाराष्ट्रात १९७६ साली झाला. येथील जमीन त्याआधीच गेली होती. धरण नको, असा याचा अर्थ नव्हे. पुष्कळांचे भले झाले एवढ्यावर प्रश्न मिटत नाही, एवढाच अर्थ आहे.

संविधान सभेतील २५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात बाबासाहेबांनी हाच धोका सांगितला. राजकारणात प्रत्येकाच्या मताचे मोल सारखे, पण सामाजिक व आर्थिक जीवनात माणसाचे मोल सारखे नाही. ही विसंगती लवकर दूर केली नाही, तर विषमतेने पोळलेले लोक राजकीय लोकशाहीच उधळून लावतील, असा त्यांचा इशारा होता.

विद्यार्थी मित्रांनो, ही कसोटी केवळ परीक्षेतील उत्तरासाठी नाही. 'घराच्या भल्यासाठी' मुलीची शाळा थांबवली जाते, तेव्हा विचारा : घर म्हणजे नेमके कोण? भले कोणाचे? आणि त्याची किंमत कोण मोजतो? हे प्रश्न सरकारला विचारावेत, तसेच आपल्या संस्थेला आणि स्वतःच्या घरालाही विचारावेत. बाबासाहेबांचे ग्रंथ कपाटातून काढून वाचण्याचे खरे फळ तेच आहे.