कलम ५४ : रिझर्व्ह बँक आणि शेतकऱ्याचं कर्ज

१२ मे १८७५. पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात जमलेले कुणबी सावकारांच्या दुकानांवर चालून गेले. त्यांना हवी होती ती कर्जखतं. जिथे ती हाती लागली, तिथे त्यांची होळी झाली. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपल्यावर कापसाचे भाव कोसळले होते, सारा वाढला होता आणि जमिनी सावकाराच्या नावावर चढत होत्या. १८७९ साली शेतकऱ्यांसाठी कायदा आला, कोर्टात थोडं संरक्षण मिळालं. पण पेरणीच्या तोंडावर पैसा आणायचा कुठून, हा प्रश्न तसाच राहिला.

१ एप्रिल १९३५ रोजी रिझर्व्ह बँक सुरू झाली, तेव्हा तिचं भांडवल ५ कोटी रुपये होतं आणि भागधारक बहुतांशी खासगी. नोटा काढणं, सरकारचं खातं सांभाळणं, अडीअडचणीला बँकांच्या पाठीशी राहणं, ही कामं कुठल्याही मध्यवर्ती बँकेची. आपल्या बँकेच्या १९३४च्या कायद्यात मात्र कलम ५४ होतं. त्यानुसार शेती-पतपुरवठ्याचा स्वतंत्र विभाग उघडणं तिला बंधनकारक होतं. अर्थात बँक थेट शेतकऱ्याला कर्ज देणार नव्हती. पैसा प्रांतिक सहकारी बँकांमार्फत गावच्या सोसायटीपर्यंत जायचा. सुरुवातीची कितीतरी वर्षं तो फारसा झिरपलाच नाही.

महाडजवळच्या नाते गावात जन्मलेले चिंतामणराव देशमुख १९४३ साली बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. त्यांच्याच कारकिर्दीत, १ जानेवारी १९४९ रोजी, बँक राष्ट्राच्या मालकीची झाली. १९५१ साली तिने ग्रामीण पतपाहणी हाती घेतली. त्यासाठी नेमलेल्या गोरवाला समितीत अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळही होते. ७५ जिल्ह्यांतल्या ६०० गावांतली सव्वा लाखाहून अधिक कुटुंबं पाहणीत आली.

१९५४च्या अहवालातले आकडे आजही अस्वस्थ करतात. शेतकऱ्याच्या कर्जापैकी जवळजवळ ७० टक्के सावकारांकडचं, सहकारी संस्थांचं ३.१ टक्के आणि व्यापारी बँकांचं ०.९. सुप्याला ७५हून अधिक वर्षं उलटली होती, तरी कर्जखत सावकाराच्याच पेटीत होतं.

समितीने सहकाराला मोडीत काढलं नाही. सरकारने सोसायट्यांत भागभांडवल घालावं आणि कर्जाची सांगड विक्री व गोदामांशी घालावी, असं तिने सुचवलं. १ जुलै १९५५ रोजी इम्पीरियल बँकेची स्टेट बँक झाली तीही याच समितीच्या शिफारशीतून. पुढच्या वर्षी रिझर्व्ह बँकेने १० कोटींचा दीर्घ मुदतीचा शेती-पतनिधी उभारला. १९८२ साली रिझर्व्ह बँकेचं शेती-पतपुरवठ्याचं हे काम नाबार्ड या शेती व ग्रामीण विकासाच्या बँकेकडे गेलं.

आज रिझर्व्ह बँक म्हटलं की रेपो दर आणि ४ टक्के महागाईचं लक्ष्य आठवतं. तेही गरिबाच्या ताटाशीच जोडलेलं आहे. तरी या बँकेचा मला सर्वांत मोठा वाटणारा दिवस तो, ज्या दिवशी तिची माणसं खेड्यातल्या ओसरीवर बसून विचारू लागली : कर्ज कुणाकडून घेतलंत? हा प्रश्न पुन्हापुन्हा विचारावा लागेल, कारण पेरणी दर वर्षी येते.