भजनाची गिटार, नाचाचा ठेका: सिस्टर रोझेटा थार्प

रॉक अँड रोलचा इतिहास एल्व्हिस प्रेस्ली किंवा चक बेरी यांच्यापासून सांगण्याचा प्रघात असला, तरी या संगीताने विजेवर चालणाऱ्या गिटारला जे अग्रस्थान दिले, त्याची पायाभरणी सिस्टर रोझेटा थार्प या कृष्णवर्णीय अमेरिकन गायिकेने आधीच्याच दशकात केली होती, आणि तीही धर्मगीते गाता गाता. १९१५ मध्ये आर्कान्सा राज्यातील कॉटन प्लांट या गावी त्यांचा जन्म झाला. त्यांच्या आई केटी बेल न्यूबिन ज्या पंथाच्या प्रचारक होत्या, त्या पंथात टाळ्या, वाद्ये आणि नाच हे उपासनेचेच भाग मानले जात असल्यामुळे, थार्प यांच्या लेखी भक्ती आणि ठेका यांत विरोध असण्याचे कारणच नव्हते.

इतरांना मात्र तो दिसला. १९३८ मध्ये न्यूयॉर्कच्या कॉटन क्लबमध्ये, म्हणजे मद्य आणि नाचगाण्याच्या ठिकाणी, त्या 'गॉस्पेल' अर्थात कृष्णवर्णीयांच्या चर्चमधील भक्तिगीते गाऊ लागल्या आणि श्रद्धाळू श्रोत्यांपैकी अनेकजण दुखावले. त्याच वर्षी डेक्का कंपनीने त्यांच्या ध्वनिमुद्रिका काढल्या. १९४४ मध्ये ध्वनिमुद्रित झालेल्या 'स्ट्रेंज थिंग्ज हॅपनिंग एव्हरी डे' या गीतात सॅमी प्राइस यांचा पियानो बूगी-वूगीच्या, म्हणजे डाव्या हाताने एकच धावती लय घोळवत ठेवण्याच्या, शैलीत वाजतो आणि थार्प यांची गिटार केवळ साथ न करता गायिकेला उत्तरे देते. पुढे चक बेरी यांच्या वादनात जे ऐकू येते, त्याचे बीज इथे स्पष्ट आहे. कृष्णवर्णीय श्रोत्यांसाठीच्या ध्वनिमुद्रिकांच्या बिलबोर्ड यादीत हे गीत १९४५ मध्ये दुसऱ्या क्रमांकापर्यंत पोहोचले. गॉस्पेल गीताच्या दृष्टीने हे यश अपूर्वच होते. १९४७ मध्ये त्यांनीच मेकन शहरात किशोरवयीन लिटल रिचर्डला आपल्या रंगमंचावर गाऊ दिले, तर जॉनी कॅश यांनी त्यांना आपल्या आवडत्या गायकांत गणले.

१९५१ मध्ये वॉशिंग्टनच्या क्रीडांगणावर तिकीट लावून केलेल्या त्यांच्या विवाहसोहळ्याला हजारो लोक आले होते. तरीही १९५० च्या दशकात रॉक अँड रोलची बाजारपेठ तरुण पुरुषांभोवती उभी राहिली, आणि चाळिशीकडे झुकलेल्या, धर्मगीते न सोडणाऱ्या स्त्रीला तीत जागा उरली नाही. त्यांच्या विस्मरणाचे हे कारण कलेबाहेरचे आहे. १९७३ मध्ये फिलाडेल्फियात त्यांचे निधन झाले. रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम या सन्मान-संस्थेने १९८६ च्या पहिल्या तुकडीत प्रेस्ली, बेरी आणि लिटल रिचर्ड यांना घेतले. थार्प यांचा समावेश 'प्रारंभिक प्रभाव' या विभागात झाला, तो २०१८ मध्ये.