मिठागरातलं वाळवंट

नायगाव-भाईंदरच्या मिठागरांच्या बांधांवर बारीक, गोलसर, रसाळ पानांचं एक बुटकं झुडूप उगवतं. मोरस किंवा माचोळ. कोवळ्या पाल्याची भाजी करतात. पाला उकडून पाणी फेकून दिलं तरी वरून मीठ घालताना हात आखडता घ्यावा लागतो. ही वनस्पती राजगिरा-चाकवताच्या कुळातली. या कुळाचे कितीतरी सदस्य मध्य आशियाच्या वाळवंटांत आणि इतर कोरड्या, खारट माळांवर वाढतात. मग वसईच्या खाडीकाठच्या चिखलात, जिथे वर्षाला २००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, तिथे त्यांच्यातलं हे झाड काय करतं? माझ्या मते ते वाळवंटातच राहतं. रोपाच्या लेखी कोरडेपणा पावसाच्या आकड्यांवरून ठरत नाही, मुळांना पाणी ओढता येतं की नाही यावरून ठरतो. समुद्राच्या एका लिटर पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात, आणि ऊन तापलं की मिठागरात ते प्रमाण कितीतरी वाढतं. अशा चिखलात साधं रोप लावलं तर मुळांत पाणी शिरण्याऐवजी उलट बाहेर खेचलं जातं, आणि ते पाण्यात उभं राहून सुकतं.

मोरस यावर जो उपाय करते तो मोठा हिशेबी आहे. आत आलेलं मीठ ती पेशीतल्या पाण्याच्या पिशवीत कोंडून ठेवते. त्यामुळे पेशीतला द्रव बाहेरच्या चिखलाहून खारट होतो आणि पाणी आत येऊ लागतं. पान फुगीर दिसतं ते या साठ्यामुळे. पेशीच्या नाजूक यंत्रणेला मात्र मीठ सोसत नाही, म्हणून तिथला समतोल बीटेन नावाचं निरुपद्रवी द्रव्य राखतं. हे द्रव्य बीटात पहिल्यांदा सापडलं, आणि बीट याच कुळातलं. पालकातही ते भरपूर असतं. म्हणजे वसईच्या वाड्यांत गोड्या पाण्यावर वाढणाऱ्या पालकाजवळही या सामग्रीतला एक भाग असतोच. राजगिरा आणखी एक युक्ती वापरतो: कर्बवायू आधी गोळा करून मग साखर बनवायची, म्हणजे कमी पाण्यात काम भागतं. द्विदल वनस्पतींत ही पद्धत सर्वाधिक जातींत आढळते ती याच कुळात.

पानं रसाळ म्हणून कूळ ठरवायला गेलं तर फसगत होते. त्याच बांधांवरचा धापा मांसल असूनही दुसऱ्या कुळातला, घोळही वेगळी. ओळख पटते फुलांवरून: पाकळ्या नसलेली, बारीक, हिरवट, गुच्छांत दाटलेली. याच कुळातल्या आघाड्याच्या तुऱ्याकडे नीट पाहिलं तर अंदाज येईल. बागेतला भडक कोंबडा हा या कुळातला अपवादच म्हणायचा.

तिवरं कोरड्या प्रदेशातल्या कुळातली नाहीत, तरी खाडीत माजतात, असा आक्षेप येईल. तो रास्त आहे. खारटपणावर मात करण्याचे मार्ग अनेक आहेत. तिवर आत आलेलं मीठ पानांवाटे बाहेर टाकतं. माझं म्हणणं एवढंच, की वाळवंटी कुळाला खाडी परकी वाटण्याचं कारण नाही. पावसाचा मुद्दा तर उलट माझ्याच बाजूचा. चार महिने क्षार धुतले जातात, तेवढ्या सवलतीत बी रुजतं, आणि पुढचे महिने मोठं झालेलं झुडूप निभावतं. ही सवलत बारमाही झाली, तर मात्र मोरसेचं बिनसतं. भराव पडून मीठ उतरलं की गवत भराभर पसरतं, आणि त्याच्या सावलीत मोरस टिकत नाही.