घराच्या मधून गेलेली सीमा

नागालँडच्या मोन जिल्ह्यात लोंगवा हे कोन्याक नागांचं गाव आहे. गावाच्या माथ्यावर आंगचं, म्हणजे वंशपरंपरागत राजाचं, लांबलचक घर. दर्शनी बाजूला मिथुन या गव्याच्या जातीच्या जनावरांच्या कवट्या, आत चुलीच्या धुरानं काळवंडलेले वासे. भारत-म्यानमार सीमा याच घराच्या मधून जाते. घरातल्या घरात चार पावलं टाकली की देश बदलतो. आंगचा शब्द दोन्हीकडच्या गावांत चालतो, कारण त्याची गादी सीमेच्या खांबाहून कितीतरी जुनी आहे.

नागांचा स्वयंनिर्णयाचा लढा आपण ‘ईशान्येतली बंडखोरी’ म्हणून वाचतो, आणि त्यातली खरी गाठ नजरेतून सुटते. हा समाज नागालँड, मणिपूर, अरुणाचल, आसाम आणि म्यानमार असा विखुरला आहे. मोठे राजकीय करार मात्र झाले ते एका बाजूच्या लोकांचे, एकाच सरकारशी. लढा पुन्हा पुन्हा फुटला, त्याचं एक मोठं कारण मला यात दिसतं.

न विचारता झालेली वाटणी

1826मध्ये ब्रिटिशांशी झालेल्या यांडाबो तहात ब्रह्मदेशाच्या राजानं आसाम-मणिपूरवरचा हक्क सोडला. डोंगरातल्या माणसांना कुणी विचारलं नाही. पहिल्या महायुद्धात नागा मजूर फ्रान्समध्ये राबले. वेगवेगळ्या जमातींची माणसं तिथे एकत्र राहिली आणि 1918मध्ये कोहिमात नागा क्लब उभा राहिला. 1929मध्ये या क्लबनं ब्रिटिशांच्या सायमन कमिशनला निवेदन दिलं: आम्हाला नव्या सुधारणांत ओढू नका, आमचं आम्हाला ठरवू द्या.

14 ऑगस्ट 1947ला नागा नॅशनल कौन्सिल या राजकीय संघटनेनं स्वातंत्र्य जाहीर केलं. 1951मध्ये अंगामी झापू फिझो यांच्या नेतृत्वाखाली गावोगाव अंगठे उठवून सार्वमत घेतलं गेलं. 99 टक्क्यांहून अधिक कौल स्वतंत्र नागा देशाला मिळाल्याचा कौन्सिलचा दावा होता. दिल्लीनं तो मानला नाही.

मार्च 1953मध्ये पंडित नेहरू आणि ब्रह्मदेशाचे पंतप्रधान ऊ नू कोहिमात एकत्र आले. सीमेच्या दोन्ही बाजूंची सरकारं एका मंचावर होती, पण नागांना निवेदन मांडू दिलं नाही आणि जमलेले लोक उठून निघून गेले. त्यानंतर बंदुका आल्या, लष्कर आलं, 1958मध्ये सैन्याला विशेषाधिकार देणारा कायदा आला. 1963मध्ये नागालँड राज्य झालं. भारतातलेही अनेक नागा त्याच्या बाहेरच राहिले.

पलीकडचे

1975मध्ये दिल्लीशी झालेल्या शिलाँग करारानं शस्त्रं खाली ठेवायचं ठरलं. ते न पटलेल्यांनी 1980मध्ये म्यानमारच्या डोंगरात एनएससीएन ही सशस्त्र संघटना स्थापन केली. त्यात इसाक चिशी स्वू नागालँडचे, थुइंगालेंग मुइवा मणिपूरचे आणि एस. एस. खापलांग म्यानमारचे. तिघांत सीमेच्या दोन्ही बाजू आल्या होत्या. आठ वर्षांत संघटना रक्तपात होऊन फुटली: खापलांग एकीकडे, स्वू-मुइवा दुसरीकडे. पुढे भावाभावांतल्या या हत्या थांबाव्यात म्हणून नागा मदर्स असोसिएशनच्या बायका सशस्त्र गटांच्या दारात गेल्या. या लढ्यातलं मला हे सगळ्यात मोठं धैर्य वाटतं.

स्वू-मुइवा गटाशी 1997मध्ये शस्त्रसंधी झाली. 2001मध्ये तिला प्रदेशाची मर्यादा नको असं ठरताच आपलं मणिपूर राज्य तुटेल या धास्तीनं इंफाळ पेटलं आणि 18 आंदोलकांचा बळी गेला. ही भीतीही खरी आहे. ती बाजूला सारून उत्तर सापडणार नाही. 2015मध्ये याच गटाशी दिल्लीत आराखडा करार झाला. वेगळा ध्वज आणि संविधान यांवर गाडं अडलं. म्यानमारनं 2008च्या राज्यघटनेत लाहे, लेशी आणि नान्युन या तीन तालुक्यांचा स्वयंप्रशासित नागा विभाग केला. नागा राहतात तो खाम्टी-होमालिनचा भाग त्यातूनही सुटला.

शेताची वाट

सीमेवरच्या लोकांना विनाव्हिसा ये-जा करायची मुभा होती. फेब्रुवारी 2024मध्ये केंद्रानं ती बंद करण्याची आणि 1,643 किलोमीटर सीमेवर कुंपण घालण्याची घोषणा केली. पुढच्याच महिन्यात नागालँड विधानसभेनं विरोधाचा ठराव केला. शस्त्रं आणि अमली पदार्थ याच वाटांनी येतात, ही सरकारची चिंता खोटी नाही. पण लोंगवातल्या माणसाचं शेत पलीकडे आहे, आणि पलीकडची मुलं शाळेला अलीकडे येतात.

स्वतंत्र देशाचं काय होईल, ते वाटाघाटी ठरवतील. शेताची वाट मात्र तोवर थांबू शकत नाही. दिल्ली आणि म्यानमारची राजधानी नेपिडॉ यांनी या एका वाटेपुरतं तरी पलीकडच्या नागांना सोबत बसवून ठरवावं. 1953मध्ये कोहिमात जे ऐकून घ्यायचं राहिलं, ते निदान इथून ऐकायला सुरुवात होईल.