बंगळुरूचे एक व्हायोलिन-घराणे

‘घराणे’ हा शब्द मराठी श्रोत्याच्या कानी पडला की किराणा, जयपूर, ग्वाल्हेर ही नावे सहजच त्याच्या मनात येतात. या शब्दाच्या मुळाशी साधेसुधे ‘घर’ आहे, याचे मात्र आपल्याला बहुधा विस्मरण होते. बापाने मुलाला आणि थोरल्याने धाकट्याला शिकवावे, आणि घर हीच पाठशाळा व्हावी, हा त्याचा मूळ अर्थ. ही रीत आपल्यापुरतीच मर्यादित आहे असेही नाही. अमेरिकेत १९६० नंतरच्या दोन दशकांत कृष्णवर्णीयांचे ‘सोल’ आणि ‘फंक’ नावाचे संगीत भरास आले, तेव्हा जॅक्सन बंधू, आयझ्ली बंधू अशी भावंडांची घरेच्या घरे वाद्यवृंद होऊन पुढे आली. त्याच सुमारास दक्षिण भारतातले एक घर अमेरिकेत पोहोचले आणि त्या संगीताच्या लयीशी त्याची गाठ पडली. व्ही. लक्ष्मीनारायण यांचे हे घर. त्याची एक शाखा आज बंगळुरूस नांदत आहे.

लक्ष्मीनारायण श्रीलंकेत जाफना येथे संगीताचे अध्यापन करीत. १९५८ साली तेथे तमिळांविरुद्ध दंगली उसळल्या आणि या कुटुंबाला मद्रासला परतावे लागले. संसार नव्याने मांडावयाचा होता, आणि पदरी भांडवल म्हणावे ते विद्येचेच.

लक्ष्मीनारायणांच्या मनात एक सल होता. एकोणिसाव्या शतकाच्या प्रारंभी बालुस्वामी दीक्षितर यांच्यासारख्यांनी हे युरोपीय वाद्य दाक्षिणात्य संगीतात आणले. वादकाने मांडी घालून बसावे, वाद्याचे टोक उजव्या घोट्यावर टेकवावे, तारा षड्ज-पंचमात लावाव्यात, असे त्याचे रूप पालटले. या बैठकीत डावा हात वाद्याचा भार उचलण्यातून सुटतो, तारेवरून मोकळेपणी सरकतो आणि गमकाची सारी वळणे काढू शकतो. परंतु एवढे सामर्थ्य असूनही मैफलीत त्याचे स्थान राहिले ते गायकाच्या साथीचे. आपल्याकडे संवादिनीच्या वाट्याला जे आले, तेच तेथे व्हायोलिनच्या. हे वाद्य स्वतंत्रपणे जगाच्या रंगमंचावर उभे राहिले पाहिजे, असा लक्ष्मीनारायणांचा ध्यास होता. वैद्यनाथन, सुब्रमण्यम आणि शंकर या तिघा मुलांना त्यांनी याच ध्यासाने घडविले. आणि तीन व्हायोलिने एकत्र वाजविणारे हे बंधू मद्रासमध्ये नावारूपास आले.

पुढे शंकर अमेरिकेतील वेस्लीयन विद्यापीठात गेले. सुब्रमण्यम यांनी मद्रासला वैद्यकाची पदवी घेतली, परंतु दवाखाना न थाटता तेही कॅलिफोर्नियात पाश्चात्त्य संगीताच्या अभ्यासासाठी दाखल झाले. १९७४ साली रविशंकर आणि जॉर्ज हॅरिसन यांनी युरोप-अमेरिकेत भारतीय वादकांचा मोठा ताफा नेला. त्यात अल्लारखा, शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया यांच्यासमवेत सुब्रमण्यमही होते. शंकर यांनी गिटारवादक जॉन मॅक्लॉफलिन, झाकिर हुसेन आणि घटमवादक विक्कू विनायकराम यांच्यासह ‘शक्ती’ हा वाद्यवृंद उभा केला. १९७६ व १९७७ या दोन वर्षांत ‘शक्ती’च्या तीन ध्वनिमुद्रिका निघाल्या, आणि सबंध जगातील तरुण वादकांनी त्यांची पारायणे केली.

दोन इतकी दूरची संगीते एकमेकांजवळ आली तरी कशी, असा प्रश्न साहजिकच पडतो. त्याचे उत्तर संगीताच्या रचनेतच आहे. युरोपीय परंपरेत स्वरसंघ सतत बदलत असतात. त्यांच्यामागे धावताना रागाचा जीव गुदमरतो. फंकमध्ये मात्र वाद्यवृंद पुष्कळदा एकाच स्वरसंघावर दीर्घकाळ ठाण मांडून बसतो. तानपुऱ्याच्या आधारावर राग उलगडावा, तसा या स्थिर पायावर तो उलगडता येतो. दुसरी गोष्ट लयीची. जेम्स ब्राउन यांनी आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर सारा जोर देण्याची जी रीत रूढ केली, ती समेचे महत्त्व जाणणाऱ्याला परकी वाटण्याचे कारण नाही. आठ मात्रांच्या आदितालात समेला बगल देत फिरावे आणि तिहाईने नेमके तिच्यावर येऊन उतरावे, हे ज्यांच्या लहानपणीच अंगवळणी पडले होते, त्यांना त्या लयीत पाहुणे म्हणून वावरावे लागले नाही.

हर्बी हॅनकॉक यांनी १९७३ च्या ‘हेड हंटर्स’ या ध्वनिमुद्रिकेत जॅझ आणि फंक यांचा संगम घडविला होता. तेच हॅनकॉक १९८१ साली सुब्रमण्यम यांच्या ‘ब्लॉसम’मध्ये पियानोवर बसले. पुढे फ्रान्सचे स्तेफान ग्रापेली यांच्याबरोबर सुब्रमण्यम यांनी ‘कॉन्व्हर्सेशन्स’ मुद्रित केली. शंकर यांच्या १९७९ च्या ‘टच मी देअर’चे निर्माते फ्रँक झॅपा होते. त्यानंतर शंकर यांनी दहा तारांचे जोड-व्हायोलिन सिद्ध केले. मंद्रातल्या खर्जापासून व्हायोलिनच्या तारसप्तकापर्यंतचा सारा पल्ला त्यामुळे एकाच वादकाच्या हाती आला.

या साऱ्या ध्वनिमुद्रिका सारख्याच मोलाच्या आहेत, असे म्हणता येणार नाही. मुद्रिकेच्या एका बाजूवर जेमतेम वीस-पंचवीस मिनिटे मावतात. त्यात चार-पाच रचना बसवावयाच्या म्हटल्यावर आलापीला सवड उरत नाही, आणि जेथे ती उरत नाही तेथे राग म्हणजे केवळ एक स्वरपंक्ती होऊन बसतो. तथापि जेथे वादकाने स्वतःची बैठक सोडली नाही, तेथे ऐकणाऱ्याला दोन्ही संगीतांचा मान राहिल्याचे जाणवते.

थोरले वैद्यनाथन यांची वाट निराळी. ते चित्रपटसंगीताकडे वळले. ‘मालगुडी डेज’ ही शंकर नाग यांची मालिका १९८६ पासून दूरदर्शनवर दिसू लागली, आणि तिची धून मराठी घरांतील मुलेही गुणगुणू लागली; परंतु तिचे संगीतकार वैद्यनाथन हे नाव फारच थोड्यांना ठाऊक झाले. २००७ साली ते निवर्तले.

तीन भाऊ असे तीन दिशांना गेले. येथेच घराणे या संस्थेचे बळ आणि तिची मर्यादाही दिसते. घरात मुरलेली विद्या कोठेही नेता येते. पण माणसे पांगली की ती शिकविणारे घर उरत नाही. पित्याच्या निधनानंतर १९९२ पासून सुब्रमण्यम यांनी त्यांच्या नावाने जागतिक संगीतमहोत्सव सुरू केला. १९९९ साली त्यांचा विवाह गायिका कविता कृष्णमूर्ती यांच्याशी झाला. मराठी गीतांमुळे त्या आपल्या परिचयाच्याच आहेत. २००७ साली या दांपत्याने बंगळुरूस संगीताची पाठशाळा काढली. कन्या बिंदू व पुत्र अंबी यांनी ‘सुब्रमेनिया’ नावाचा वाद्यवृंद उभारला आहे, आणि पाठशाळेचा भारही ती दोघे वाहतात. सुब्रमण्यम यांना २०२५ साली पद्मविभूषण जाहीर झाले.

या कामाला बंगळुरूसारखे नगर लाभले हेही योग्यच. चामराजपेठेतील किल्ला-विद्यालयाच्या आवारात रामनवमीच्या मैफली १९३९ पासून चालत आल्या आहेत, आणि छावणीच्या भागात पाश्चात्त्य संगीताचीही जुनी वहिवाट आहे. दोन्हींना कान देणारा श्रोता तेथे घडविला गेला आहे.

परंतु खरी कसोटी पुढेच आहे. जाफन्याहून उठलेल्या घरात पिता पहाटेपासून रात्रीपर्यंत मुलांच्या कानाशी होता. आठवड्यातून एक-दोन तास येणाऱ्या परक्या मुलांना पाठशाळा हे सान्निध्य कोठून देणार? ध्वनिमुद्रिका जतन करता येतात, त्यांवरून चीजही उचलता येते. परंतु चूक झाली त्याच क्षणी हात धरणारा गुरू मुद्रिकेत नसतो. घराचे जे होते ते दारावरून जाणाऱ्या मुलालाही मिळावे, ही आजची गरज आहे. हे साधले तर लक्ष्मीनारायणांचा ध्यास त्यांच्या वंशापुरता न राहता विद्येचा वंश ठरेल.