गप्प बसणे आणि गप्प बसवणे : 'डमकाऊ' या विस्मृत इंग्रजी क्रियापदाचा अर्थविचार

निवासी विद्यालयाच्या स्मरणिकेत संस्थेची वाटचाल, गुरुजनांच्या आठवणी आणि माजी विद्यार्थ्यांची मनोगते वाचावयास मिळतील, अशी वाचकांची अपेक्षा असते आणि ती रास्तच आहे. या पंगतीत एका अपरिचित इंग्रजी क्रियापदास आम्ही आणून बसवीत आहोत, त्याला कारण आहे. हे क्रियापद इंग्लंडात जन्मलेले नाही. ते आपल्याच देशातील बाजारांत, छावण्यांत आणि साहेबांच्या बंगल्यांत जन्मले. शिवाय त्याचा अर्थ ज्या अनुभवाशी निगडित आहे, तो अनुभव आपल्या समाजाच्या अनेक पिढ्यांनी घेतलेला आहे.

हे क्रियापद म्हणजे 'डमकाऊ'. आजच्या इंग्रजी बोलण्यात वा लिहिण्यात ते आढळत नाही. त्याची नोंद सापडते ती 'हॉब्सन-जॉब्सन' या विख्यात कोशात. कर्नल हेन्री यूल आणि मद्रास प्रांतातील सनदी अधिकारी ए. सी. बर्नेल यांनी अँग्लो-इंडियन बोलीतील शब्दांचा हा कोश सिद्ध केला. बर्नेल १८८२ मध्ये निवर्तले, कोश १८८६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि विल्यम क्रूक यांनी संपादिलेली त्याची दुसरी आवृत्ती १९०३ मध्ये निघाली. कोशाचे विचित्र नावही अर्थपूर्ण आहे. मोहरमच्या मिरवणुकीतील 'या हसन! या हुसेन!' हा आक्रोश गोऱ्या शिपायांच्या कानी पडे. तो त्यांच्या जिभेवर 'हॉब्सन-जॉब्सन' असा ओळखीच्या इंग्रजी आडनावांत बदलून गेला. परक्या भाषेतील ध्वनी आपल्या भाषेतील परिचित शब्दांच्या साच्यात बसवून घेण्याची ही जी मानवी खोड आहे, तिचेच नाव कोशाला मिळाले. आपल्या क्रियापदाची जडणघडणही याच खोडीतून झाली.

कोशात 'डमकाऊ' याचा अर्थ दिला आहे : दटावणे, दरडावून नमविणे. त्याच्या भूतकालवाचक धातुसाधिताचा अर्थ होतो, दरडावल्यामुळे नमलेला, गप्प झालेला. कोशकारांनी हे अँग्लो-इंडियन बोलीचे उत्तम उदाहरण मानले आहे. मात्र हा शब्द आला कोठून, याविषयी कोशाच्या दोन आवृत्त्यांत दोन मते आहेत आणि खरी गंमत या मतभेदातच आहे.

यूल यांच्या मते या शब्दाचे मूळ 'दम खाना' या हिंदुस्थानी वाक्प्रचारात आहे. दम म्हणजे श्वास. श्वास गिळणे म्हणजे मुकाट राहणे. आपल्या मराठीतही 'जरा दम खा' असे आपण म्हणतो. त्यात थांबण्याचा, धीर धरण्याचा भाव असतो. मूळ वाक्प्रचारात गप्प राहणारा माणूस स्वतःच कर्ता आहे. साहेबी बोलीत आल्यावर 'दमखाओ' हे सकर्मक क्रियापद झाले. गप्प बसणारा बाजूला पडला आणि गप्प बसवणारा कर्ता होऊन बसला.

क्रूक यांनी दुसऱ्या आवृत्तीत वेगळे मत मांडले. त्यांच्या दृष्टीने हा शब्द 'धमकाना' या क्रियापदापासून आला असणे अधिक संभवनीय आहे. गोंदियातील कोणत्याही वाचकाला हे मत तत्काळ पटेल. मध्य प्रदेश आणि छत्तीसगड यांच्या सीमेला लागून असलेल्या आपल्या जिल्ह्यात मराठी, झाडीबोली, पोवारी, गोंडी आणि हिंदी एकाच बाजारात नांदतात. 'धमकाओ' आणि 'डमकाऊ' हे दोन शब्द पाठोपाठ उच्चारले, तर कोश उघडण्याची गरजच भासत नाही. इंग्रजी जिभेला 'ध' हा महाप्राण वर्ण पेलत नाही, म्हणून त्याचा 'ड' झाला, इतकेच. शिवाय 'धमकाना' हे क्रियापद मुळातच सकर्मक असल्याने अर्थाची ओढाताणही करावी लागत नाही. आम्हांसही क्रूक यांचेच मत अधिक ग्राह्य वाटते.

पण ध्वनीचा उलगडा झाला तरी लेखनाचा उरतोच. हा शब्द इंग्रजीत लिहिताना गोऱ्यांनी त्याचे दोन तुकडे पाडले आणि दोन्ही तुकडे आपल्या भाषेतून उचलले. पहिला तुकडा 'डम', म्हणजे मुका. दुसरा तुकडा 'काऊ'. हे गायीचे नाव नव्हे. त्याच उच्चाराचे एक स्वतंत्र क्रियापद इंग्रजीत आहे, त्याचा अर्थ धाक दाखवून नमविणे असा होतो आणि ते बहुधा प्राचीन नॉर्स भाषेतून आलेले आहे. म्हणजे ऐकला तो शब्द धमकीचा आणि लिहिला गेला तो 'मुका करून नमविणे' असा. धमकी हे कारण, मुकेपण हा परिणाम. कारण आणि परिणाम या दोहोंची गाठ त्या लेखनात, नकळत का होईना, अचूक मारली गेली.

या शब्दाची भावंडेही पाहण्यासारखी आहेत. 'बुनाऊ' म्हणजे बनविणे, रचणे. 'फूझिलाऊ' म्हणजे फुसलावणे. 'समजाऊ' म्हणजे समजावणे. 'लुगाऊ' म्हणजे होडी धक्क्याला लावणे. आपण आज 'गाडी लावली का?' असे विचारतो, तोच हा 'लावणे'. 'पकराऊ' हा शब्द विशेषतः गोऱ्या सोल्जरांच्या तोंडचा. त्याचा अर्थ धरणे, पकडणे. आणि कोश सांगतो की, पकडला जाणारा बहुतेक वेळा एखादा हेकट 'नेटिव्ह' असे.

या सर्व शब्दांच्या घडणीत व्याकरणाची एक समान गोष्ट आहे आणि ती कोशकारांनीच नोंदविली आहे. हिंदीत क्रियापदाचे मूळ रूप 'बनाना', 'लगाना', 'समझाना' असे असते. मराठीत 'बनविणे', 'लावणे', 'समजाविणे'. कोशात आपण हीच रूपे शोधतो. मोल्सवर्थ यांच्या १८३१ च्या मराठी-इंग्रजी कोशातही क्रियापदे 'णें'कारान्त रूपातच मांडलेली आहेत. इंग्रजी बोलीने मात्र उचलली ती 'बनाओ', 'लगाओ', 'समझाओ' ही आज्ञार्थी रूपे आणि तीच मूळ क्रियापदे म्हणून वापरली. असे का व्हावे? आमच्या समजुतीप्रमाणे याचे उत्तर त्या काळच्या दिनक्रमात आहे. साहेब आणि खानसामा, साहेब आणि नावाडी, साहेब आणि शिपाई यांच्यात संवाद असा फारसा नव्हताच. एका बाजूने हुकूम होता, दुसऱ्या बाजूने तामिली. ज्या भाषेत आपण केवळ हुकूम सोडतो, त्या भाषेतील आज्ञार्थच आपल्याला येतो. 'मी करतो', 'आपण करू', 'तुम्हांला काय वाटते?' ही रूपे शिकण्यासाठी समोरच्याशी बोलावे लागते आणि त्याचे ऐकूनही घ्यावे लागते.

आता मराठीकडे वळू. या बाबतीत आपली भाषा फार स्पष्ट आहे. 'गप्प बसणे' आणि 'गप्प बसवणे' यांत फरक एका 'व' चा. पण त्या एका अक्षराने कर्ता बदलतो आणि त्याबरोबर जबाबदारीही बदलते. कोणी 'मूग गिळून बसला' असे म्हटले की दोष बसणाऱ्याकडे जातो. 'त्याला ब्रही काढू दिला नाही' असे म्हटले की तो दुसऱ्याकडे जातो. अस्पृश्य मानल्या गेलेल्या समाजाविषयी शतकानुशतके पहिल्या प्रकारची वाक्ये बोलली गेली : हे लोक बोलत नाहीत, यांना काही म्हणावयाचे नसते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ३१ जानेवारी १९२० रोजी मुंबईत पाक्षिक सुरू केले, तेव्हा त्याचे नाव 'मूकनायक' ठेवले आणि शीर्षस्थानी तुकारामांचा मुक्यांच्या उपेक्षेविषयीचा अभंग छापला. त्या नावातील 'मूक' हा शब्द नीट समजून घ्यावयास हवा. हा समाज जन्मतः मुका नव्हता. जात्यावर, शेतावर, तमाशाच्या फडावर, भजनात त्याची वाणी वाहतच होती. ज्या ठिकाणी निर्णय होत, त्या ठिकाणी त्याला बोलू दिले जात नव्हते. 'डमकाऊ' हे क्रियापद नेमके हेच सांगते की, मुकेपणाच्या मागे कोणीतरी कर्ता असतो.

येथे एक शंका येऊ शकेल. बौद्ध परंपरेत तर मौनाला मोठे मोल आहे. भगवान बुद्धांनी कित्येक निमंत्रणे मौनानेच स्वीकारली आणि काही निष्फळ प्रश्नांना मौनानेच उत्तर दिले. मग मौन वाईट कसे? याचे उत्तर भिक्खुसंघाच्या कामकाजात मिळते. विनयानुसार महत्त्वाच्या कार्यात संघापुढे आधी ज्ञप्ती मांडली जाई. मग प्रस्ताव तीनदा उच्चारला जाई आणि दर वेळी सांगितले जाई की, ज्यांना तो मान्य असेल त्यांनी मौन राहावे, ज्यांना मान्य नसेल त्यांनी बोलावे. तिसऱ्यांदाही कोणी बोलले नाही, तरच मौन ही संमती धरली जाई. बोलण्याची संधी तीन वेळा दिल्यानंतरचे मौन आणि बोलण्याची संधीच नसताना आलेले मुकेपण यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. पहिल्याचे नाव संमती, दुसऱ्याचे नाव दडपण. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेतील भाषणात बाबासाहेबांनी भिक्खुसंघाच्या या संसदीय पद्धतीचा, त्यातील प्रस्ताव, गणपूर्ती आणि गुप्त मतदान यांचा आवर्जून उल्लेख केला, तो उगाच नव्हे. गुप्त मतदान म्हणजे कोणालाही 'डमकाऊ' करता येणार नाही, असे बोलणे. १९५४ मध्ये बाबासाहेबांनी भंडारा मतदारसंघातून लोकसभेची पोटनिवडणूक लढविली, तेव्हा आजचा गोंदिया जिल्हा भंडारा जिल्ह्याचाच भाग होता. त्या निवडणुकीत त्यांना यश आले नाही. पण ज्यांच्या वाडवडिलांना पंचांसमोर तोंड उघडता येत नव्हते, त्यांचे मत इतर कोणाच्याही मताइतकेच मोजले गेले.

बुद्धवंदनेतील 'पुरिसदम्मसारथी' हे बुद्धांचे विशेषण आपण नित्य म्हणतो. त्यातील 'दम्म' हा शब्द 'दम्' या धातूपासून आला आहे. त्याचा अर्थ वळण लावणे, संयमित करणे. इंग्रजीतील माणसाळविणे या अर्थाचे 'टेम' हे क्रियापद त्याचेच दूरचे नातलग आहे. श्वासाचा 'दम' फारसीतून आला, तो निराळा. आणि धमकीशीही या धातूचे काही नाते जोडण्याचे कारण नाही. अर्थाचे अंतर तर त्याहून मोठे आहे. सारथी घोड्याला घाबरवून उभा करीत नाही, तो त्याला चालावयास शिकवतो. कालामांना बुद्धांनी परंपरा आहे म्हणून, ग्रंथात आहे म्हणून किंवा गुरूने सांगितले म्हणून काहीही स्वीकारू नका, असे सांगितले. ज्याने शिष्यांना असे सांगितले, त्याच्या शिस्तीत प्रश्नाला जागा होती.

निवासी विद्यालय चालविणाऱ्या आम्हां सर्वांना हा भेद रोज पारखावा लागतो. शंभर मुले एका छताखाली राहतात, तेव्हा घंटा हवी, रांग हवी, अभ्यासाच्या वेळी शांतताही हवी. 'हाताची घडी, तोंडावर बोट' ही आज्ञा आपण सर्वांनी ऐकली आहे आणि पाळलीही आहे. प्रश्न इतकाच की, ते बोट तोंडावरून खाली कधी येते? देवरी-सालेकसाच्या जंगलपट्टीतून किंवा अर्जुनी-मोरगावच्या धानपट्ट्यातून आलेला, घरातील पहिलाच शिकणारा मुलगा वर्गात गप्प असतो, तेव्हा तो शिस्तीने गप्प आहे की भीतीने, हे ओळखणे हे शिक्षकाचे पहिले काम आहे. त्याच्या बोलीला कोणी हसले, त्याच्या चुकलेल्या इंग्रजी वाक्यावर कोणी खेकसले, तर ते क्रियापद कोशात मृत असले तरी आपल्या वर्गात जिवंत झाले असे समजावे.

पालकांनाही आमची हीच विनंती आहे. सुट्टीत घरी आलेले मूल प्रश्न विचारू लागले, थोरांच्या म्हणण्यास 'असे का?' म्हणू लागले, तर त्याला उद्धट ठरविण्याची घाई करू नये. त्याचे म्हणणे चूक असेल तर चूक दाखवावी, पण म्हणणे पुरते ऐकल्यावर.

'डमकाऊ' या शब्दाला नेमका विरुद्धार्थी शब्द इंग्रजीत आम्हांस आढळला नाही. मराठीत मात्र तो आहे, साधा आणि रोजच्या वापरातला : 'बोलते करणे'. आमच्या माजी विद्यार्थ्यांपैकी कोणी आज न्यायालयात बाजू मांडतात, कोणी ग्रामसभेत ठराव मांडतात, कोणी दुसऱ्यांच्या मुलांना शिकवितात. त्यांना कोणीतरी, कधीतरी बोलते केले होते. आता त्यांनी आपल्यापुढच्या एखाद्या मुक्या वाटणाऱ्या मुलाला बोलते करावे, म्हणजे ते इंग्रजी क्रियापद जेथे आहे तेथेच, जुन्या कोशाच्या पानात, राहील.